थांबलेल्या पाण्याचा हंगाम

बंधाऱ्याचे ढापे टाकले की नदीचा आवाज बंद होतो. पावसाळाभर जी घोड नदी घरात बसून ऐकू येते, ती दिवाळीनंतर एका सकाळी ऐकू येईनाशी होते. ढापे म्हणजे बंधाऱ्याच्या खांबांमधल्या खाचांत एकावर एक बसवायच्या लोखंडी फळ्या. पाटबंधाऱ्याची माणसं दोन-तीन दिवस खपतात, फटींत माती कोंबतात, आणि मग पाणी मागं मागं सरकत फुगत जातं. मैलभर, दोन मैल. शेतकऱ्यांना बरं वाटतं, कारण मोटारींना पाणी मिळतं. मला मात्र दरवर्षी त्या सकाळी घरातलं कुणीतरी बोलता बोलता थांबल्यासारखं वाटतं. आणि बोलणारा माणूस मधेच गप्प झाला की मी आधी त्याच्या हातांकडं बघतो. तोंड लपवतं ते हात सांगतात; इतकी वर्षं धान्याच्या बाजारात काढल्यावर दुसरं काय होणार.

यंदाही ढापे पडले. आज सकाळी घाटाच्या पायरीवर जाऊन बसलो. पाणी स्वच्छ दिसत होतं. स्वच्छ दिसतं म्हणजे काय, हे मी आता कुणाला सांगत नाही.

आमचं घराणं मूळचं राजस्थानातलं, पण माझा जन्म इथला, शिव्या इथल्या आणि भांडणंही इथलीच. वडील मंचरला एका आडत दुकानात दिवाणजी होते. दुसऱ्याच्या पेढीवर खाली मान घालून त्यांचा जन्म गेला. मी पोती उचलण्यापासून सुरुवात केली. निरगुडसर, पारगाव, महाळुंगे पडवळ अशा गावांतून सायकलवर हिंडून बाजरी, हरभरा, मटकी गोळा केली आणि पुढं मंचरलाच स्वतःच्या नावाची पाटी लावली. त्या सायकलीवर मी दोन नियम शिकलो. पोतं खोटं बोलतं ते तोंडाशीच. वर चांगला माल, पोटात ओला. म्हणून टोकदार लोखंडी नळी पोत्याच्या पोटात खुपसून दाणे काढायचे, फडक्यात बांधायचे, चिठ्ठी लावून फळीवर ठेवायचे. याला आम्ही राखीव नमुना म्हणतो. चार महिन्यांनी वाद निघाला तरी गाठ सोडली की खरं-खोटं समोर येतं. आणि दुसरा नियम, एकदा नमुना काढला की त्यात कुणी काही घातलं, तर तो माणूस चोर. यात चर्चा नाही.

त्या एका हंगामात मी हे दोन्ही नियम नदीला लावले.

ते नव्वदच्या दशकातलं शेवटशेवटचं वर्ष. गावात केबल आली होती, पूल आला नव्हता. ढापे पडल्यापासून वैशाखापर्यंत या काठावरून त्या काठावर जायचं ते किसन भोयाच्या नावेतून. माणसं, सायकली, दुधाच्या किटल्या, शेळ्या, एकदा तर गोदरेजचं कपाट. नावेला डांबराचा वास, किसनच्या अंगाला मासळीचा, पलीकडच्या गुऱ्हाळातून उकळत्या रसाचा. हे तिन्ही वास घाटाच्या पायरीवर एकत्र यायचे. मी नावेत बसत नसे. मला पोहता येत नाही, आणि ज्या गोष्टीवर आपला ताबा नाही तिच्यात बसू नये असं माझं मत होतं.

किसनशी माझी मैत्री मात्र पायऱ्यांवरची. आमच्या समाजात जुनी पद्धत, माशांना दाणे टाकायचे. दुकानात सांडलेली बाजरी झाडून मी दर रविवारी पिशवीतून घाटावर नेत असे. पाणी चमकून उठायचं. किसन नावेतून बघत असायचा.

“शेठ, तुमी पोसता, आमी पकडतो,” तो म्हणायचा. “धंदा जोडीत चाललाय आपला.”

मी चिडायचो, तो हसायचा. पण माझी पिशवी रिकामी होईपर्यंत त्यानं कधी जाळं टाकलं नाही. हे मी त्याला कधी बोलून दाखवलं नाही. व्यवहारात समोरच्याचा चांगुलपणा बोलून दाखवला की भाव चढतो.

वरच्या अंगाला, एका ओढ्याच्या काठी, पुठ्ठ्याची गिरणी निघाली होती. आता ती बंद आहे, पत्रेही कुणी काढून नेले. उसाची चिपाडं शिजवून पुठ्ठा करायची आणि शिजवल्याचं पाणी ओढ्यात सोडायची. पावसाळ्यात नदी ते घेऊन जाई, कुणाला पत्ता लागत नसे. ढापे पडले की ते येऊन आमच्या डोहात थांबे. त्या वर्षी पायरीवर बसलं की आंबूस वास येऊ लागला. पाण्याला पातळ चहाचा रंग आला. किसन जाळं काढून दाखवी, दोरीवर शेवाळासारखा करडा बुळबुळीत थर. त्याचं सगळं त्या डोहात होतं. डोह मेला, तर नाव घेऊन गाव सोडण्याशिवाय त्याला इलाज नव्हता. तो हे रडून सांगत नसे. नुसतं म्हणे, “यंदा मासं कमी न वास लई.”

मी प्रदूषणाच्या ऑफिसला पत्र लिहिलं, मग दुसरं, मग तिसरं. तिसऱ्या पत्राची भाषा इथं लिहिण्यासारखी नव्हती. मग साळवी नावाचा माणूस महिन्याच्या महिन्याला जीप घेऊन येऊ लागला. कोकणातला, सडपातळ, चष्म्याला मागून दोरी बांधलेली. किसनच्या नावेतून डोहाच्या मध्यावर जायचा, बाटल्या भरायचा, बर्फाच्या पेटीत ठेवायचा आणि निघायचा. चहा घ्यायचा नाही. आमच्या गावात सरकारी माणूस चहा घेत नाही, म्हणजे त्यानं तो आधीच दुसरीकडं घेतलाय, असं धरतात. मीही धरलं.

मी विचारलं, काय निघालं पाण्यात. तो म्हणाला, अहवाल साहेबांकडं जातो, मला सांगता येत नाही. बाजारात एखादा दलाल म्हणाला की भाव मला सांगता येत नाही, तर समजायचं, सौदा झालेला आहे.

पुढच्या खेपेला मी काठावरून नीट बघत बसलो. त्यानं काचेची बाटली भरली, खिशातून कुपी काढली आणि नळीनं थेंब थेंब त्या बाटलीत सोडले. एकदा नाही, दोनदा, दोन वेगळ्या कुप्यांतून. माझ्या डोक्यात लख्ख उजेड पडला. नमुन्यात घालतोय. माझ्यासमोर घालतोय. गिरणीचं पाणी औषधानं साफ करून नेतोय.

किसन त्याच्या शेजारी वल्हं धरून बसलेला. मी त्याला नंतर विचारलं, हे काय घालतो रे. तो म्हणाला, “मला काय म्हाईत. दर येळंला घालतो. घातलं की पानी तपकिरी व्हतं.” किसननं एवढं पाहिलं आणि मला सांगितलं नाही. त्या दिवशी मी त्याच्यावरही मनात एक खूण केली.

अर्ज मीच लिहिला. सदर कर्मचारी नमुन्यात द्रव मिसळून भेसळ करतात, सबब त्यांचे नमुने ग्राह्य धरू नयेत. गावातून सह्या गोळा केल्या. सह्या करताना लोक मला विचारत, शेठ, नदीत तुमचा काय माल अडकलाय. कुणी म्हणे, शेठला गिरणीची जागा पाहिजे. कुणी म्हणे, मासेमारीचा ठेका पाहिजे. आमच्या घरात अंडं येत नाही आणि मला मासेमारीचा ठेका. पण ज्यानं जन्मभर दुसऱ्याच्या पोत्यात हात घातला, त्याच्या पोत्यात लोक हात घालणारच. मला राग आला, आश्चर्य वाटलं नाही.

शिवाय मी माझे स्वतःचे नमुने काढायला लागलो. दर सोमवारी पायरीवरून एक बाटली. खोकल्याच्या औषधाच्या, सरबताच्या, सॉसच्या बाटल्या धुऊन, भरून, बूच मेणानं बंद करून, वर तारखेची चिठ्ठी. पोटमाळ्यावर ओळीनं लावल्या. दुपारी पत्र्याखाली तिथं भट्टी व्हायची. बायको म्हणाली, नदीला जागा कमी पडली का, म्हणून घरात आणताय. मी म्हटलं, एक दिवस गाठ सोडायची वेळ येईल, तेव्हा बघ. त्या बाटल्या आधी हिरव्या झाल्या, मग हळूहळू तळाशी गाळ बसून वर निवळल्या. निवळल्या हे मी पाहिलं होतं. पण राखीव नमुना बदलतो, ही कल्पनाच माझ्याकडं नव्हती. बाजरी माळ्यावर बाजरीच राहते.

माघातली सकाळ. मी दुकानाचं कुलूप काढत होतो, तर किसन सायकल टाकून आला. तो कधी मंचरला येत नसे.

“शेठ, चला. नदीला धाप लागलीया.”

घाटावर गेलो तर पायऱ्यांवर झिंगे चढलेले. पाण्यातला जीव पाणी सोडून दगडावर आलेला. डोहभर चिलापी तोंडं वर काढून हवा ओढत होती, हजारो छोटी गोल तोंडं, आणि आवाज मात्र नाही. मी सवयीनं खिशात हात घातला, खिशात दाणे नव्हते. असते तरी त्यांना ते नको होते. किसन म्हणाला, मरळ तेवढी तग धरंल, बाकीचं दुपारपत्तूर. गिरणीनं एकदम काहीतरी सोडलं होतं.

मीच फोन केला ऑफिसला. राग गिळून केला. साळवी दोनेक तासांत आला, जीप नीट लावलीही नाही. काठावर गाव जमलं होतं. तो नावेत चढला, आणि त्याच्या मागं मी चढलो. जन्मात पहिल्यांदा. किसननं वल्हं सरकवून मला बसायला जागा केली.

मध्यावर त्यानं बाटली बुडवली, बुडबुडा येऊ न देता भरली, पहिल्या कुपीतून थेंब सोडले, दुसऱ्या कुपीतून सोडले. किसन म्हणाला होता तपकिरी होतं. ते तपकिरी झालं नाही. बाटलीत दूध सांडावं तसं पांढरं फटक झालं. साळवीनं ती बाटली उन्हाकडं धरली आणि त्याचा चेहरा बदलला. मी माणसांचे चेहरे वाचून घर बांधलंय. मला वाटलं, चोर सापडला.

“हे काय घातलंत?”

“शेठ, आत्ता बोलू नका. मला बघू द्या.”

बोलू नका. माझ्या गावात, माझ्या नदीवर, माझ्या पत्रावरून आलेला माणूस मला म्हणतो, बोलू नका. मी त्याच्या हातातून बाटली ओढली आणि पाण्यात फेकली. काळं पाणी पांढरं करून न्यायला आलायस का, असं काहीतरी ओरडलो. तो पेटीकडं झेपावला, नाव कलंडली, आणि पेटी बर्फासकट, कुप्यांसकट, बाटल्यांसकट डोहात गेली. काठावर टाळ्या पडल्या. किसननं वल्हं दाबून नाव सावरली.

साळवीच्या बाह्या खांद्यापर्यंत भिजल्या होत्या. तो हळू म्हणाला, “तुम्ही काय केलंत, ते तुम्हाला कळलेलं नाही.”

त्या दिवशी मी खुशीत जेवलो. हे लिहायला नको, पण खरं आहे.

तिसऱ्या दिवशी तो नवी पेटी घेऊन आला, तोवर लोकांची ओरड ऐकून पाटबंधाऱ्यानं चार ढापे उचलले होते. पाणी निघून गेलं होतं. काठाला चांदीच्या पत्र्यासारखे मासे पडलेले, कावळे, घारी, कुत्री, आणि तो वास, जो पंधरा दिवस पोळीलाही येत होता. नदी पुन्हा बोलू लागली होती, पण जे विचारायचं होतं ते ती आता सांगू शकत नव्हती.

गिरणीच्या पाण्याची सुनावणी तालुक्याच्या कचेरीत, प्रदूषणाच्या ऑफिसातल्या साहेबांसमोर झाली. गिरणीचा वकील उठला आणि त्यानं एक कागद वाचायला सुरुवात केली. सदर कर्मचारी नमुन्यात द्रव मिसळून भेसळ करतात. माझं अक्षर, माझी वाक्यं, गावाच्या सह्या. वकील म्हणाला, या माणसाचे आधीचे सगळे अहवाल आमच्या विरुद्ध आहेत, पण ज्या गावासाठी ते केले, तेच गाव म्हणतं की नमुने खोटे. साहेबांनी मान हलवली आणि सगळे अहवाल बाजूला ठेवले.

आधीचे सगळे अहवाल आमच्या विरुद्ध. हे वाक्य मला समजायला थोडा वेळ लागला.

मी उठलो आणि पिशवी उघडली. सगळ्या बाटल्या टेबलावर मांडल्या, चिठ्ठ्या समोर करून. माझ्या मनात गाठ सुटत होती. साहेबांनी साळवीकडं पाहिलं. साळवी म्हणाला, “पाणी म्हणजे धान्य नाही, शेठ. बाटलीतसुद्धा ते बदलत राहतं. बर्फात घालून लगेच नेलं तर त्या दिवसाचं. हे आता कशाचंच नाही.” वकील म्हणाला, सॉसच्या बाटल्या मात्र छान धुतल्यात. कचेरी हसली.

बाहेर चहाच्या गाडीवर मी साळवीला गाठलं. त्यानं त्या दिवशी चहा घेतला, पहिल्यांदाच. त्यानं सांगितलं ते असं. पाण्यातला प्राणवायू बाटलीत असतो तसाच टिकावा म्हणून ते औषध जागेवरच घालावं लागतं. प्राणवायू असला की ते तपकिरी होतं, जितका जास्त तितकं गडद. अजिबात नसला, तर पांढरं राहतं. नोकरीत त्यानं इतकं पांढरं कधी पाहिलं नव्हतं. ती बाटली गिरणी बंद करायला पुरली असती.

“मग मला सांगितलं का नाही?” मी विचारलं.

“नावेत ओरडण्याआधी तुम्ही मला कधी विचारलंत? तुम्ही पकडायला आला होतात.”

याला माझ्याकडं अजूनही उत्तर आहे, आणि ते मी सोडणार नाही. त्याला अहवाल सांगायची बंदी असेल, पण औषधाचं नाव सांगायला काय बंदी होती? एक वाक्य. बाबांनो, हे यासाठी घालतो. शहाण्या माणसांना वाटतं, अडाण्याला सांगून उपयोग नाही. मग अडाणी स्वतःच्या अकलेनं अर्थ लावतो, आणि त्याची अक्कल ज्या बाजारात वाढली तिथलाच अर्थ लावतो. काही महिन्यांत साळवीची बदली झाली. मी त्याला माफ केलेलं नाही. त्यानं मला केलं असेल, त्या माणसाचा तसा स्वभाव होता, आणि ते मला जास्त लागतं.

आता पूल झालाय. आता जीपमधून एक मुलगी येते, पुलावरून वायरीनं एक यंत्र पाण्यात सोडते आणि हातातल्या डबीवर आकडे दिसतात. पहिल्या दिवशीच मी जाऊन विचारलं, हे काय, ते काय. तिनं सगळं सांगितलं, अगदी डबी माझ्या हातात दिली. घरी आलो आणि जेवता जेवता मनात आलं, एवढं सगळं का सांगितलं असेल. बायकोनं माझ्या तोंडाकडं बघितलं आणि न विचारताच म्हणाली, जेवा आता.

संशय असा असतो. उन्हाळ्यात नदीचा तळ उघडा पडतो, तेव्हा पुराच्या पाण्यानं अडकवलेली लक्तरं बाभळीवर फार वर दिसतात. पाणी कधीचं गेलं, पण कुठपर्यंत चढलं होतं ते झाड विसरत नाही.

त्या वर्षी सुनावणीनंतर मला ऑफिसातल्या एकानं सांगितलं, की तुमचा अर्ज तुम्हीच मागं घेतलात, गैरसमजातून दिला होता असं लिहून दिलंत, आणि नावेतल्या साक्षीदाराची सही आणलीत, तर जुने अहवाल परत धरता येतील. मी अर्ज लिहिला. आयुष्यात पहिल्यांदा कागदावर लिहिलं, की माझी चूक झाली. चार मसुदे फाडले. कचेरीतल्या कारकुनानं तो वाचला, चष्म्यावरून माझ्याकडं पाहिलं आणि हळूच विचारलं, “कितीवर तुटलं, शेठ?”

मला आधी कळलंच नाही. मग कळलं. त्याच्या हिशेबानं गिरणीशी माझी बोलणी फिसकटली असणार, म्हणून मी आता साळवीच्या बाजूनं. किंवा साळवीनं काही दिलं असणार. सौदा कुठं ना कुठं झालेला असणारच. मी टेबलावर हात आपटला, खुर्ची पाडली, बाहेरच्या शिपायालाही दोन शब्द सुनावले. त्यानं काही फरक पडला नाही. खरं बोलणाऱ्याचा राग आणि पकडल्या गेलेल्याचा राग बाहेरून सारखाच दिसतो. मी स्वतः त्यात फरक करत नसे.

किसनकडं गेलो तेव्हा त्याची नाव टेम्पोत चढवलेली होती. डिंभे धरणाच्या फुगवट्यावर त्याचे कुणी मेहुणे होते, तिकडं निघाला होता. डोहात काही उरलं नव्हतं. दोर आवळता आवळता त्यानं कागद घेतला. प्रौढ शिक्षणाच्या वर्गात तो वाचायला शिकला होता, बोट ठेवून वाचायचा. मी गाडीच्या सावलीत उभा राहिलो. सगळा कागद वाचून झाला, तरी त्याचं बोट शेवटच्या ओळीवर होतं.

“शेठ, ह्ये मागं का घेताय?”

मी सांगितलं. औषध कशासाठी होतं ते, पांढरं का झालं ते, साळवी खरा होता ते. जसं घडलं तसं, एकही शब्द वर-खाली न करता. तो ऐकत होता. त्याची नजर माझ्या तोंडाकडं नव्हती, हातांकडं होती.

“बरं,” तो म्हणाला. “करतो सही. पन तुमी सांगताय म्हनून इस्वास बसला, असं न्हाई. जाताना तुमच्याशी वाद नको, म्हनून.”

त्यानं कागद नावेच्या फळीवर ठेवला आणि सावकाश, एकेक अक्षर काढत, पूर्ण नाव लिहिलं. पेन माझ्या खिशाला परत अडकवलं, टेम्पोवर चढून बसला आणि ड्रायव्हरला म्हणाला, चला.